शंभरावे मेंढरू आणि एकशे सहासष्टावी मुलगी

शास्त्रपाठ : मत्तय १८:१-१४, ईयोब २९:१२-१७



पवित्र शास्त्राचे भाषांतर करणाऱ्याला कधी कधी एकच शब्द कित्येक दिवस अडवून धरतो. ईयोबाच्या एकोणतिसाव्या अध्यायात असा एक शब्द आहे. ईयोब तेथे आपल्या सुखाच्या दिवसांचे स्मरण करीत आहे. वेशीजवळच्या न्यायसभेत आपण कसे बसत होतो, गरिबाचा व अनाथाचा कैवार कसा घेत होतो, हे तो सांगतो. सोळाव्या वचनाच्या उत्तरार्धात तो म्हणतो की, अनोळखी माणसाच्या प्रकरणाचा आपण तपास केला. मूळ इब्री क्रियापद 'खाकर' असे आहे. याचा अर्थ नुसती विचारपूस करणे असा नव्हे, तर खोल जाऊन पाहणे, तळ गाठणे असा आहे. आदल्याच अध्यायात हे क्रियापद खाणीत उतरणाऱ्या मनुष्याविषयी आले आहे. तो काळोखाच्या शेवटापर्यंत जाऊन दगडांचा शोध घेतो. मी बंगळुरू येथे राहतो. येथून सुमारे शंभर किलोमीटरवर कोलारच्या सोन्याच्या खाणी होत्या. २००१ मध्ये त्या बंद झाल्या. तीन किलोमीटरहून अधिक खोल उतरलेल्या त्या खाणी ज्यांना ठाऊक आहेत, त्यांना या इब्री शब्दाचे मर्म वेगळे सांगावे लागत नाही.

या वचनात आणखी एक मौज आहे. मूळ वाक्याचे दोन अर्थ होऊ शकतात. 'जे प्रकरण मला ठाऊक नव्हते ते' असा एक. आणि 'जो मनुष्य माझ्या ओळखीचा नव्हता त्याचे प्रकरण' असा दुसरा. भाषांतरात दोहोंपैकी एकच निवडावा लागतो. जीवनात मात्र दोन्ही एकत्र येतात. जे आपल्याला ठाऊक नाही आणि जो आपला कोणी नाही, त्याच्यासाठी काळोखात उतरावयाचे, यालाच ईयोब नीतिमत्त्व म्हणतो. पुढच्याच वचनात तो दुर्जनाच्या दातांतून भक्ष्य सोडविल्याचे सांगतो. क्रम ध्यानात घ्यावा. आधी तपास, मग सुटका.

या पाठात आपण एका निवृत्त पोलीस कर्मचाऱ्याच्या कामाकडे पाहून हा क्रम समजून घेऊ, आणि मग तो आपल्या मंडळीला, आपल्या बोर्डिंगांना व आपल्या घरांना लावून पाहू.

१. एका यादीची कथा

मुंबईत अंधेरी येथे डी. एन. नगर पोलीस ठाणे आहे. तेथे राजेंद्र धोंडू भोसले हे सहायक उपनिरीक्षक हरवलेल्या व्यक्तींचा शोध घेण्याचे काम पाहत. २००८ ते २०१५ या काळात त्या ठाण्याच्या हद्दीतून हरविलेल्या मुलींची त्यांच्याकडची संख्या १६६ झाली. भोसले व त्यांचे सहकारी यांनी त्यांपैकी १६५ मुली शोधून काढल्या.

सरकारी कागदावर हे काम उत्तमच म्हणावे लागेल. शंभरात नव्याण्णवांहून अधिक! कोणीही वरिष्ठ पाठ थोपटील. परंतु एक मुलगी राहिली होती. २२ जानेवारी २०१३ रोजी सात वर्षांची ती मुलगी शाळेला निघाली आणि घरी परत आलीच नाही. तिचे नाव वृत्तपत्रांत छापून आले होते. तरी मी ते येथे लिहीत नाही. त्याचे कारण पुढे येईल. वृत्तपत्रांच्या लेखी ती 'मुलगी क्रमांक १६६' झाली.

भोसले यांनी सेवेत असेतोवर तिचा शोध केला. २०१५ मध्ये ते निवृत्त झाले. निवृत्त मनुष्याने यादी पुढच्या माणसाच्या हाती द्यावी आणि आपण मोकळे व्हावे, असा जगाचा रिवाज आहे. त्यांनी तसे केले नाही. त्या मुलीचे छायाचित्र त्यांनी आपल्या खिशातील पाकिटात ठेवले. तिच्या घरच्यांशी संबंध तोडला नाही. अंगावर गणवेश नसताना, हाती अधिकार नसताना ते आणखी सात वर्षे विचारत राहिले.

४ ऑगस्ट २०२२ रोजी ती मुलगी सापडली. पोलिसांनी जे सांगितले ते असे की, मूलबाळ नसलेल्या एका जोडप्याने तिला फूस लावून नेले होते. शोधाचा गवगवा होताच तिला कर्नाटकातील रायचूर येथील एका वसतिगृहात ठेवण्यात आले. पुढे त्या जोडप्याला स्वतःचे मूल झाले, तेव्हा तिला परत आणून कामाला जुंपण्यात आले. अखेरीस ती मुंबईत, आपल्या मूळ घरापासून हाकेच्या अंतरावर राहत होती आणि लहान मूल सांभाळण्याच्या कामास जात होती. तिच्यासोबत काम करणाऱ्या एका बाईला तिची हकीकत ऐकून संशय आला. तिने इंटरनेटवर शोध घेतला, तेव्हा हरवल्याचे जुने भित्तिपत्रक सापडले. त्यावर छापलेल्या दूरध्वनी क्रमांकांपैकी एक, शेजाऱ्याचा, अजून चालू होता.

वाचकहो, या शेवटच्या भागाकडे नीट लक्ष द्या. मुलगी भोसले यांच्या हाताने सापडली नाही. ती एका मोलकरणीच्या हाताने सापडली. मग भोसले यांच्या नऊ वर्षांच्या शोधाचा उपयोग काय झाला? ज्यांनी ती भित्तिपत्रके छापली व चिकटवली, ज्यांनी तिचा विषय वृत्तपत्रांत जिवंत ठेवला, ज्यांनी तिचे छायाचित्र जपले, त्या सर्वांनी मिळून एक दार उघडे ठेवले होते. त्या दारातूनच ती आत आली.

२. मूळ शब्दांकडे पाहू

हरवलेल्या मेंढराचा दाखला शुभवर्तमानांत दोन ठिकाणी आहे. लूक १५ मधील दाखला आपल्या तोंडपाठ आहे. मत्तय १८ मधील दाखल्याकडे मात्र आपले तितकेसे लक्ष जात नाही. लूक तो जकातदार व पापी यांच्या संदर्भात सांगतो. मत्तय तो लहान मुलाच्या संदर्भात सांगतो. प्रभूने एका बालकाला जवळ बोलावून शिष्यांच्या मध्ये उभे केले आहे, आणि हा दाखला त्याच संभाषणात येतो. लहानांपैकी एकालाही तुच्छ लेखू नये, या इशाऱ्याच्या लगेच पाठोपाठ मेंढपाळ डोंगरावर निघतो. अर्थात प्रभूचे शब्द आपल्या शिष्यांतील सर्वच लहानांना, दुर्बळांना लागू आहेत. परंतु ते बालक अद्याप मध्येच उभे आहे, हे आपण विसरू नये.

येथे तीन गोष्टी पाहण्यासारख्या आहेत.

पहिली, क्रियापदाचा काळ. मेंढपाळ नव्याण्णव मेंढरे सोडील, येथे मूळ ग्रीकमध्ये भविष्यकाळ आहे. परंतु पुढे तो शोधतो, तेथे वर्तमानकाळ येतो. तो शोधत आहे. आणि मेंढरूही 'हरवून गेलेले' असे नाही, तर 'भटकत असलेले' आहे. म्हणजे मेंढराचे भटकणे चालूच आहे, आणि मेंढपाळाचा शोधही चालूच आहे. प्रकरण मिटलेले नाही.

दुसरी गोष्ट त्याहून महत्त्वाची आहे. लूकमध्ये मेंढपाळ सापडेपर्यंत शोधतो. सापडणे जणू ठरलेलेच आहे. मत्तयात मात्र एक 'जर' आहे. जर ते त्याला सापडले, तर त्याला आनंद होतो. सापडेलच, अशी हमी तेथे दिलेली नाही. जो मनुष्य यश निश्चित असेल तरच निघतो, त्याच्यासाठी हा दाखला नाही. हरवलेले मूल शोधणाऱ्या प्रत्येक आईबापाला आणि प्रत्येक प्रामाणिक तपास अधिकाऱ्याला हा 'जर' ओळखीचा आहे. भोसले यांची नऊ वर्षे याच 'जर'मध्ये गेली.

तिसरी गोष्ट जात्याच्या तळीची. लहानाला अडखळविणाऱ्याच्या गळ्यात बांधावयाचा तो दगड म्हणजे आपल्या माजघरातील जात्याची तळी नव्हे. मूळ शब्द गाढवाकडून फिरवून घेण्याच्या मोठ्या जात्याचा आहे. आणि 'अडखळण' या शब्दाच्या मुळाशी सापळ्याची कळ आहे. भक्ष्याने स्पर्श करताच सापळा बंद करणारी ती काडी. म्हणून लहानाला अडखळविणे म्हणजे चुकून पाय लागणे नव्हे. त्यात सापळा लावलेला असतो. सौम्य म्हणून ओळखल्या जाणाऱ्या प्रभूचे सर्वांत कठोर शब्द याच ठिकाणी का यावेत, याचा आपण विचार करावा.

३. हरवणे आणि छळ, यांचा धागा एकच

हरवलेले मूल आणि छळलेले मूल या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, असे आपण समजतो. तपास करणारे तसे समजत नाहीत. राष्ट्रीय मानवाधिकार आयोगाच्या पुढाकाराने स्त्रिया व मुले यांच्या अपव्यापाराविषयी २००२-०३ मध्ये एक मोठा अभ्यास झाला. पोलीस सेवेतून निवृत्त झालेले शंकर सेन आणि पोलीस अधिकारी पी. एम. नायर यांनी तो ग्रंथरूपाने मांडला. त्यात असे दिसून आले की, देशात वर्षाला सरासरी ४४ हजारांवर मुले हरवल्याची नोंद होते, आणि त्यांपैकी सुमारे ११ हजारांचा ठावठिकाणा लागत नाही. जे मूल कोणी शोधत नाही, ते विकणाऱ्याच्या दृष्टीने सर्वांत सोयीचे असते, हा त्या अभ्यासाचा बोध आहे.

२००७ मध्ये केंद्र शासनाच्या महिला व बालविकास मंत्रालयाने १३ राज्यांतील १२,४४७ मुलांना विचारून एक अहवाल प्रसिद्ध केला. त्यांपैकी ५३ टक्क्यांहून अधिक मुलांनी कोणत्या ना कोणत्या प्रकारचा लैंगिक छळ सोसल्याचे सांगितले. छळ करणाऱ्यांपैकी सुमारे निम्मे मुलाच्या ओळखीचे किंवा त्याच्या विश्वासातले होते. म्हणून 'अनोळखी माणसाशी बोलू नकोस' एवढेच मुलाला सांगून आपले कर्तव्य संपत नाही.

अशा ज्ञानातून कायदा बदलला. मुलांचे लैंगिक अपराधांपासून संरक्षण करणारा पोक्सो कायदा १४ नोव्हेंबर २०१२ पासून अमलात आला. १० मे २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने बचपन बचाओ आंदोलन या संस्थेच्या याचिकेवर आदेश दिला की, मूल हरवल्याची तक्रार आली की गुन्हा नोंदवून तपास सुरू करावयाचा, आणि पळवून नेल्याची किंवा विकल्याची शक्यता आरंभापासून गृहीत धरावयाची. 'येईल दोन दिवसांत' असे सांगून आईबापांना परत पाठविण्याची सोय आता राहिलेली नाही.

४. बंगळुरू येथे मी काय पाहतो

या शहराचे मुख्य रेल्वे स्थानक, ज्यास आता क्रांतिवीर संगोळ्ळी रायण्णा यांचे नाव दिले आहे, ते घरातून पळून आलेल्या मुलांचे पहिले ठिकाण असते. गुलबर्गा, रायचूर, आंध्र, तमिळनाडू, आणि आपल्या सोलापूरकडूनही गाड्या येथे येतात. अशा मुलांमध्ये सालेशियन धर्मबंधूंनी १९८० मध्ये 'बॉस्को' नावाचे कार्य आरंभले. ज्यांनी हे काम केले त्यांचा अनुभव असा की, गाडीतून उतरलेल्या मुलाला भला माणूस आधी भेटतो की दलाल, यावर त्याचे पुढचे आयुष्य ठरते. येथे शोध वर्षांचा नसतो. तो तासांचा असतो.

हेब्बाळ भागातील बॅप्टिस्ट हॉस्पिटल आपल्यापैकी पुष्कळांना ठाऊक असेल. त्या रुग्णालयात २०११ मध्ये एनफोल्ड या संस्थेच्या सहकार्याने छळ झालेल्या मुलांसाठी एक केंद्र सुरू झाले. त्यामागील विचार साधा आहे. पूर्वी अशा मुलाला आपली हकीकत आधी घरी, मग पोलीस ठाण्यात, मग डॉक्टरांना, मग वकिलाला आणि शेवटी भर न्यायालयात सांगावी लागे. प्रत्येक वेळी जखम नव्याने उघडत असे. आणि प्रत्येक वेळी शब्दांत थोडा फरक पडला की त्याला खोटे ठरविले जाई. डॉक्टर, समुपदेशक, पोलीस व कायद्याचा सल्ला देणारे यांनी मुलाभोवती एकत्र यावे, मुलाने त्यांच्यामागे दारोदार फिरू नये, असा या केंद्राचा प्रयत्न आहे.

पोक्सो कायद्यानेही हेच तत्त्व मानले आहे. मुलाचा जबाब त्याच्या घरी किंवा त्याला रुचेल अशा ठिकाणी घ्यावयाचा. शक्यतो महिला अधिकाऱ्याने घ्यावयाचा. त्या वेळी अधिकाऱ्याने गणवेश घालावयाचा नाही. मुलाला रात्री पोलीस ठाण्यात ठेवावयाचे नाही. न्यायालयात आरोपीच्या समोर उभे करावयाचे नाही. विचार करा : कायदा पोलिसाला सांगतो की, लहानाजवळ जाताना आपल्या सत्तेचे चिन्ह उतरवून ठेव. मत्तय १८ च्या आरंभी मोठा कोण, या वादाला प्रभूने जे उत्तर दिले त्याचीच ही आठवण नव्हे काय?

५. निवृत्तीनंतरचा आवाज

तपास अधिकारी निवृत्त होतो तेव्हा त्याच्याजवळ अधिकार उरत नाही. ज्ञान मात्र उरते. त्या ज्ञानाचे तो काय करील, हा खरा प्रश्न आहे. काहीजण ते पुस्तकांत लिहितात, काहीजण वृत्तपत्रांशी बोलतात, काहीजण माहितीपटात येऊन गुन्ह्यामागील रीत उलगडून सांगतात.

इंग्लंडमधील एक उदाहरण सर्वश्रुत आहे. जिमी सॅव्हिल हा दूरदर्शनवरील लोकप्रिय निवेदक २०११ मध्ये मरण पावला. दानधर्म व रुग्णालयांची सेवा यांमुळे त्याला मोठा मान होता. सरे परगण्याच्या पोलीस दलात पूर्वी डिटेक्टिव्ह असलेले मार्क विल्यम्स-थॉमस यांनी त्याच्याविषयीचा एक माहितीपट ३ ऑक्टोबर २०१२ रोजी आयटीव्ही वाहिनीवर सादर केला. लहानपणी त्याने आपला छळ केला असे सांगणाऱ्या स्त्रिया त्यात प्रथमच सविस्तर बोलल्या. त्यानंतर लंडनच्या पोलिसांनी चौकशी सुरू केली, आणि जानेवारी २०१३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अहवालानुसार सुमारे ४५० जण पुढे आले. यातील कित्येक घटना अनेक दशकांपूर्वीच्या होत्या. काहींनी तेव्हाच सांगण्याचा प्रयत्न केला होता. एवढ्या मोठ्या माणसाविषयी ते कोणी ऐकून घेतले नाही.

आपल्या देशात १३ मे २०१२ रोजी 'सत्यमेव जयते' या कार्यक्रमात हा विषय घरोघरी पोहोचला. पोक्सोचे विधेयक त्याच महिन्यात संसदेच्या दोन्ही सभागृहांनी संमत केले.

मात्र या आवाजालाही मर्यादा हवी. मुलाचे दुःख हे प्रेक्षकांच्या करमणुकीचे साहित्य होऊ नये. पोक्सोच्या तेविसाव्या आणि बाल न्याय कायद्याच्या चौऱ्याहत्तराव्या कलमानुसार अशा मुलाची ओळख पटेल असे काहीही प्रसिद्ध करणे गुन्हा आहे. हरवलेल्या मुलाचे नाव व छायाचित्र सर्वत्र पोहोचावे लागते. परंतु सापडल्यावर ते नाव त्याला परत द्यावे लागते. त्या मुलीचे नाव मी वर लिहिले नाही, ते यासाठीच. शोधताना तिचे नाव पुकारणे हे प्रेम होते. आता ते न उच्चारणे हे प्रेम आहे.

६. आपल्याच अंगणात

आतापर्यंत आपण इतरांविषयी बोललो. आता घराकडे वळू.

अनाथांना आसरा देणे ही ख्रिस्ती मंडळीची जुनी व गौरवाची सेवा आहे. बोर्डिंगांतून शिकून मोठी झालेली शेकडो माणसे आपल्या मंडळ्यांत आहेत. परंतु जेथे लहान मुले असतात व विचारणारे कोणी नसते, तेथे लांडगाही मेंढपाळाचा वेष घेऊन येतो. गोव्यात मडगावजवळ अनाथालय चालविणाऱ्या फ्रेडी पीट्स याला १९९१ मध्ये अटक झाली आणि मार्च १९९६ मध्ये जन्मठेप झाली. अनेक वर्षे लोक त्याला परोपकारी समजत होते. मुंबईत कुलाबा व मुरूड येथील 'अँकरेज' आश्रयगृहांविषयी २००१ मध्ये तक्रार झाली. सत्र न्यायालयाने २००६ मध्ये दोन ब्रिटिश नागरिकांना दोषी ठरविले, उच्च न्यायालयाने २००८ मध्ये त्यांना सोडले, आणि १८ मार्च २०११ रोजी सर्वोच्च न्यायालयाने शिक्षा पुन्हा कायम केली. दहा वर्षे! ज्या मुलांनी साक्ष दिली ती तोवर तरुण झाली होती. त्यांच्या शब्दावर अखेर विश्वास ठेवला गेला, तो कोणीतरी माघार घेतली नाही म्हणून.

येथे मला स्वतःचीही एक गोष्ट सांगावी लागेल. सुमारे वीस वर्षांपूर्वी मी एका बोर्डिंगच्या समितीवर होतो. दिवाळीच्या सुट्टीनंतर एक मुलगा परत आला नाही. हजेरीपटावर त्याच्या नावापुढे लाल शाईने रेघ मारून 'गेला' असे लिहिलेले मी पाहिले. कोठे गेला, का गेला, कोणाबरोबर गेला, हे कोणी विचारले नाही. मीही विचारले नाही. त्या दिवशी बैठकीपुढे छपराच्या पत्र्यांचा विषय होता आणि मला संध्याकाळची गाडी गाठावयाची होती. पुढे कित्येक वर्षांनी मत्तय १८ च्या मसुद्यावर काम करताना 'तुच्छ लेखणे' या क्रियापदाशी मी थांबलो. मूळ ग्रीक शब्दात 'खाली' आणि 'विचार करणे' अशी दोन पदे आहेत. तुच्छ लेखणे म्हणजे शिवी देणे नव्हे. एखाद्याचा विचार सर्वांत खाली, पत्र्यांच्याही खाली ठेवणे होय. तो मुलगा आज कोठे आहे, मला ठाऊक नाही. तो सुखरूप असेलही. परंतु मी विचारले नाही, हे सत्य त्यामुळे बदलत नाही.

रायचूरच्या त्या वसतिगृहाविषयी मला काही आरोप करावयाचा नाही. परंतु एक प्रश्न प्रत्येक वसतिगृहाने स्वतःला विचारावा : उद्या कोणी जोडपे एखाद्या मुलीला घेऊन आपल्या दाराशी आले, तर हे मूल त्यांचेच आहे कशावरून, हे आपण पाहतो काय? तिच्याशी एकटीशी, तिच्या भाषेत, कोणी बोलते काय?

७. आपण काय करावे

अनेक पाळक व पंच विचारतात की, मंडळीत अशी गोष्ट कानावर आली तर काय करावे. पहिली ओढ असते ती प्रकरण आपसांत मिटविण्याची. मंडळीचे नाव जाईल, मिशनची बदनामी होईल, मुलीचे लग्न कसे जमेल, ही कारणे आपण सर्वांनी ऐकली आहेत. दुसऱ्या शमुवेलाच्या तेराव्या अध्यायात तामारेला तिच्याच भावाने गप्प राहण्यास सांगितले. दावीद राजाला राग आला. पण त्याने चौकशी केली नाही. त्या न झालेल्या चौकशीची किंमत पुढे त्याच्या साऱ्या घराण्याने मोजली.

म्हणून पुढील गोष्टी प्रत्येक मंडळीने ठरवून घ्याव्यात :

(अ) मूल बोलले तर ऐकावे. उलटतपासणी करू नये, वारंवार वदवून घेऊ नये. त्याने सांगितले हे बरे केले, आणि दोष त्याचा नाही, एवढे त्याला सांगावे.

(आ) कळवावे. पोक्सोच्या एकोणिसाव्या कलमानुसार असा गुन्हा घडल्याचे ज्याला समजले किंवा घडण्याची शंका आली, त्या प्रत्येकाने पोलिसांना कळविणे बंधनकारक आहे. न कळविणे हाच गुन्हा आहे. संस्थेचा प्रमुख आपल्या हाताखालच्या माणसाचा गुन्हा लपवील तर त्याला एक वर्षापर्यंत कैद होऊ शकते. सद्हेतूने कळविणाऱ्यास कायद्याचे संरक्षण आहे. १०९८ ही मुलांसाठीची सेवा १९९६ मध्ये मुंबईत सुरू झाली; आज ती शासनाकडून चालविली जाते. हा क्रमांक प्रत्येक मुलाला पाठ असावा.

(इ) आपल्या संस्थेची नोंदणी बाल न्याय कायद्याखाली झाली आहे किंवा नाही, हे पाहावे. कोणाचेही मूल 'वाढविण्यासाठी' म्हणून परस्पर घरी नेणे, मग हेतू कितीही चांगला असो, कायद्याला मान्य नाही. दत्तकाची रीत ठरलेली आहे, तिनेच जावे.

(ई) रविवारच्या शाळेत, शिबिरात, बोर्डिंगात एका प्रौढाने एका मुलाबरोबर बंद दाराआड राहू नये. हा कोणावर अविश्वास नव्हे. प्रामाणिक शिक्षकाचेही त्याने रक्षण होते.

(उ) हजेरीपटावर कोणाच्याही नावापुढे केवळ 'गेला' असे लिहू नये. कोठे, कोणाबरोबर, केव्हा, कोणी खातरजमा केली, हे लिहावे.

यात कोठेही मोठ्या पैशाची गरज नाही. गरज आहे ती विचारणाऱ्याची.

समारोप

१६५ मुली सापडल्यावर ज्याने हात झटकले नाहीत, त्या मनुष्याने मला मत्तयातील 'जर'चा अर्थ शिकविला. तो आपल्यातला नाही, आपल्या उपासनेत बसत नाही. तरीही हा दाखला त्याने कोणत्याही भाष्यकारापेक्षा स्पष्ट करून दाखविला. आणि त्या मोलकरणीने ईयोबाचे वचन पाळून दाखविले. जी तिची कोणी नव्हती, तिचे प्रकरण तिने तपासले.

आपल्या प्रत्येकाच्या मंडळीत एखादी यादी असते. कोणी येणे बंद झाले, कोणी अचानक गप्प झाले, कोणी शाळेतून काढले गेले. त्या यादीतील शेवटचे नाव या आठवड्यात काढून पाहावे, आणि त्या घराचे दार ठोठवावे.

मननासाठी प्रश्न

१. मत्तय १८ व लूक १५ येथील दाखले शेजारी ठेवून वाचा. कोणकोणता फरक दिसतो? मत्तयातील 'जर' तुम्हाला दिलासा देतो की अस्वस्थ करतो?

२. दावीदाला राग आला, परंतु त्याने चौकशी केली नाही. राग आणि न्याय यांत काय अंतर आहे?

३. आपल्या मंडळीत एखाद्या मुलाला काही सांगावयाचे असेल, तर ते कोणाकडे जाईल? ते नाव मुलांना ठाऊक आहे काय?

४. आपल्या परिसरातील वसतिगृहात नव्या मुलाला घेताना काय पाहिले जाते? पुढील बैठकीत हा प्रश्न मांडाल काय?

प्रार्थना

हे शोधणाऱ्या मेंढपाळा, ज्यांना आम्ही विचारले नाही त्यांची तू आठवण ठेवली आहेस. आम्हांला क्षमा कर, आणि अजून भटकत असलेल्या लहानांसाठी आम्हांला डोंगरावर पाठव. आमेन.